भरल्या गाडीचं माप

मास्तरांच्या दुकानात एक नियम होता. विजार शिवायची असेल तर गिऱ्हाइकाला स्टुलावर बसवायचं. उभ्याचं माप घ्यायचंच, पण खरं माप बसल्यावरचं. "उभा माणूस पोट आत ओढून सगळ्यांना फसवतो," मास्तर म्हणायचे, "बसला की पोट खरं बोलतं." चाळीस वर्षांत या एका वाक्यावर त्यांनी कितीतरी ऐटबाज माणसांचा पाणउतारा केला होता. असा माणूस गाडी घ्यायला गेला तेव्हा तिथे काय चुकणार, असं कुणालाही वाटलं असतं. पण दिव्याखाली अंधार म्हणतात तो काही उगाच नाही.

गाडी घ्यावी लागली ती बायकोमुळे. वर्षभरापूर्वी तिच्या दोन्ही किडन्यांनी काम सोडलं. तेव्हापासून दर सोमवारी आणि शुक्रवारी शहरातल्या डायलिसिस केंद्रात चार तास मशीनला लावून पडायचं आणि अंगात साचलेलं पाणी काढून घरी यायचं, असा नेम लागला. मास्तर रोज सकाळी गळ्यातली टेप काढून तिच्या घोट्याचं माप घेत आणि कपाटाच्या दारावर खडूने लिहून ठेवत. नऊ इंच म्हणजे ठीक. साडेनऊ झालं की ते दिवसभर कुणाशी धड बोलत नसत.

चांगला रस्ता होता तोवर निभावलं. मग नदीवरचा पूल पाडून नवा बांधायला घेतला आणि खाणीकडून जाणारा कच्चा रस्ता तेवढा उरला. खडीच्या ट्रकांनी त्याची पार दैना करून टाकली होती. चाकांच्या जागी दोन खोल चाकोऱ्या, मधे उघडे पडलेले दगड. एका वळणावर तर दोन चाकोऱ्यांच्या मधोमध काळ्या कातळाची पाठ वर आली होती. सगळे तिला कासव म्हणत. एका बाजूला दरड, दुसऱ्या बाजूला ओढ्याची घळ, त्यामुळे कासवाला वळसा घालायची सोय नव्हती. त्याला पोटाखाली घेऊनच पुढे जावं लागे. जुनी लहान गाडी तिथे पहिल्याच दिवशी अडकली. भाड्याचा जीपवाला महिनाभर आला, मग तोही आपल्या मुलाकडे शहरात राहायला निघून गेला.

म्हणून ही गाडी. उंच, रुंद, जीपसारखी दिसणारी. शोरूममधल्या टाय लावलेल्या विक्रेत्याने आसनं, स्क्रीन, गाणी सगळं दाखवायला सुरुवात केली. मास्तरांनी त्याला हाताने थांबवलं.

"जमिनीपासून पोटापर्यंत किती?"

"दोनशे तीन मिलिमीटर, काका."

"मिलिमीटर तुमच्याकडे ठेवा," म्हणत मास्तरांनी चकचकीत फरशीवर वर्तमानपत्र अंथरलं, त्यावर आडवे झाले आणि टेप घेऊन गाडीखाली शिरले. बरोबर आलेला त्यांचा मुलगा लाजेने दुसरीकडे बघत उभा राहिला. मास्तर बाहेर आले ते खूश होऊन. "आठ इंच. सूतभरही कमी नाही." सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग. त्याच्या खाली मास्तर कधी उतरत नसत आणि त्याच्या वर कधी सोडतही नसत.

दुसऱ्या दिवशी त्यांनी तो कच्चा रस्ता पायी पालथा घातला. प्रत्येक दगडाचं माप घेतलं आणि शिंप्याच्या निळ्या खडूने त्यावर आकडा टाकला. सगळ्यात उंच कासव, चाकोरीच्या तळापासून पावणेसात इंच. मुलगा म्हणाला होता, "बाबा, खाणीवरून दगड फोडायचा ब्रेकर आणून कासव फोडून टाकू या का? एका दुपारचं काम आहे."

"माप बसतंय तर कापड कशाला फाडायचं?" मास्तर म्हणाले. "आठातून पावणेसात गेले, सव्वा इंच राहिला. शिवणीतसुद्धा मी एवढं जादा कापड, एवढी माया सोडत नाही."

पहिल्या खेपा सुरळीत झाल्या. गाडीत तिघंच असायची: मुलगा चालवायला, मागे मास्तर आणि बायको. तिसऱ्या खेपेला कासवावरून जाताना खालून काहीतरी घासल्याचा आवाज आला. मुलाने आरशातून वडिलांकडे पाहिलं. "गवत असेल," मास्तर म्हणाले. कासवावर गवत उगवत नाही, हे दोघांनाही ठाऊक होतं.

मग एका शुक्रवारी केंद्राचं पाणी शुद्ध करायचं यंत्र बिघडलं. सोमवारी या, म्हणाले. सांगणाऱ्यांना ते सोपं असतं. शनिवारी घोटा दहा इंच भरला. रविवारी साडेदहा. सोमवारी सकाळी टेप अकरावर आली आणि मास्तरांना आकडा लिहवेना. ती रात्रभर उशांना टेकून बसून होती. आडवं केलं की तिचा श्वास कोंडायचा. ओठांवर निळसर झाक आली होती.

सूनबाईने रुग्णवाहिकेला फोन केला. ते म्हणाले, डांबरी रस्त्यापर्यंत येऊ, पुढे नाही. "त्यांची वाट कशाला बघायची?" मास्तर म्हणाले. "आपली गाडी थेट दारात नेऊन सोडते."

निघताना गाडी भरली. फाइल आणि डॉक्टरांचे फोन सूनबाईकडे, म्हणून ती हवीच. ठेवून घेतलं तर लागतील म्हणून कपड्यांच्या दोन बॅगा, अंथरूण, पाण्याचा कॅन. डॉक्टरांनी सांगून ठेवलेला ऑक्सिजनचा सिलिंडर, तो तर लोखंडाचाच; त्याच्या नळीचा मास्क बायकोच्या तोंडाला. आणि मोठी. मोठी म्हणजे बायकोची थोरली बहीण. अंगाने भारी, तोंडाने त्याहून भारी. महिन्यापासून मदतीला येऊन राहिली होती. "मी मागे राहून काय भिंतीशी बोलू?" असं म्हणत ती आधीच पुढच्या आसनावर जाऊन बसली होती.

"फार होतंय का?" मुलाने हळूच विचारलं.

"सगळे चला," मास्तर म्हणाले. "मोठी गाडी मग घेतली कशाला?"

बायको श्वास घेत घेत हसली. "माझ्या एकटीचंच... दोघींचं वजन झालंय."

पहिल्या दोन दगडांवरून गाडी गेली. तिसऱ्यावर खालून खरवडल्याचा आवाज आला. मुलगा स्टिअरिंगवर वाकून चालवत होता. कासव दिसल्यावर त्याने वेग अगदीच कमी केला.

"बाबा, गाडी आज बसल्यासारखी वाटते."

हे वाक्य मास्तरांच्या कानावर पडलं. ज्या माणसाने उभा जन्म बसल्याचं माप घेण्यात घातला, त्याने ते ऐकलं आणि तरी त्याच्या डोक्यात उजेड पडला नाही. त्यांचं सगळं लक्ष बायकोच्या छातीच्या भात्याकडे होतं. "चल तू," ते म्हणाले. "सव्वा इंच माया आहे."

आधी समोरून टक्क असा आवाज झाला. मग लोखंड दगडावर घासत मागे सरकल्याचा. गाडी हातभर पुढे गेली, जराशी उचलली गेली आणि थांबली. मुलाने जोर दिला, पुढची चाकं जागच्या जागी फिरली, धुळीचा लोट उठला. मागे घ्यायला गेला तरी तेच. गाडी कासवाच्या पाठीवर पोट टेकवून बसली होती.

मास्तर खाली उतरले आणि चाकोरीत आडवे झाले. कातळाला पोट चिकटलेलं दिसत होतं. पुढच्या बाजूने काळं तेल थेंबाथेंबाने गळत होतं आणि त्यांच्या निळ्या खडूच्या आकड्यावर पसरत होतं. त्यांनी मागच्या चाकांपाशी, जिथे गाडी मोकळी होती तिथे, टेप लावली. चाकोरीच्या तळापासून पोटापर्यंत. सहा इंच.

पुन्हा लावली. सहाच.

तसेच पडून राहिले ते. दोन इंच कुठे गेले, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. डोळ्यांसमोर ती चकचकीत फरशी आली. आत कुणी नाही, काही नाही, आणि गाडी पोट आत ओढून उभी. तिला मी उभ्यानेच मापलं. कुणी ऐरागैरा कापडवाला असता तर गोष्ट वेगळी होती, मी कसा चुकलो? त्यांना स्वतःची एवढी किळस आली की गाडीखालून बाहेरच पडू नये असं वाटलं.

मुलगा शेजारी उकिडवा बसला. "कागदावर खाली होतं, बाबा. मुंगीच्या पावलाएवढ्या अक्षरात. हा आकडा रिकाम्या गाडीचा म्हणून."

"तू वाचलं होतंस?"

"हो."

"मग बोलला का नाहीस?"

मुलगा तेलाकडे बघत म्हणाला, "तुम्हाला माप कोण सांगणार, बाबा?"

मास्तर धूळ न झटकताच उठले. "सगळं उतरवा," म्हणाले.

बॅगा, अंथरूण, कॅन रस्त्याच्या कडेला गेले. सूनबाई उतरली. मोठी उतरली तेव्हा गाडीने सुस्कारा टाकल्यासारखा पुढचा भाग वर घेतला. एरवी यावर मास्तरांनी चार शब्द ऐकवले असते आणि मोठीने आठ परत केले असते. आज दोघंही चाकाकडे बघत होते. मुलाने पुन्हा जोर दिला. गाडी हलली, दगडावर कुरकुरली आणि परत बसली. मागचा भाग अजून टेकलेलाच होता. मागे बायको होती आणि तिच्या पायाशी सिलिंडर.

"मला... उतरवा," ती म्हणाली.

"तू गप्प बैस."

"अहो, बसूनच... अडकलीय ना ती."

मास्तरांनी मुलाकडे पाहिलं, सूनबाईकडे पाहिलं. दुसरा काही उपाय आहे का ते त्यांच्या तोंडावर शोधलं. कुणाच्याच तोंडावर नव्हता. मग त्यांनी आणि सूनबाईने हातात हात गुंफून बैठक केली आणि तिला त्यावर बसवून बाहेर घेतलं. मोठीने सिलिंडर मूल घ्यावं तसा खांद्याशी धरला आणि नळी ताणली जाऊ नये म्हणून त्यांच्या पावलाला पाऊल जुळवत चालू लागली. तिचे डोळे वाहत होते.

वीस पावलांवर एक सपाट दगड होता. तिथे तिला बसवलं. तिचं डोकं मास्तरांच्या खांद्यावर पडलं. मास्कच्या आतून ती म्हणाली, "गाडी माझ्यासाठी... आणि मीच खाली."

मास्तरांना हसता आलं नाही. तिचा श्वास त्यांना पाण्यातून बुडबुडे यावेत तसा ऐकू येत होता. एकामागे एक, उथळ, घाईघाईने. ते मनातल्या मनात ते श्वास मोजू लागले, कारण मोजण्यावाचून त्यांना आयुष्यात दुसरं काही येतच नव्हतं.

गाडी सुटली. रिकाम्या पोटाने कासवावरून पार झाली आणि पलीकडे उभी राहिली. मागे रस्त्यावर काळ्या तेलाची जाड रेघ. मुलाने डॅशबोर्डवरचा लाल दिवा पाहिला. "बाबा, तेल संपत आलंय. अशीच चालवली तर इंजिन जाईल."

"जाऊ दे."

"डांबरीपर्यंतसुद्धा पोचणार नाही कदाचित."

"जिथवर जाईल तिथवर ने."

बायकोला परत आत घेतलं, मास्तर आणि सिलिंडर बरोबर. बाकीचं सामान आणि दोघी मागे राहिल्या. सूनबाई फाइल छातीशी धरून गाडीमागे पळत येत होती आणि पळता पळताच रुग्णवाहिकेला फोन लावत होती. इंजिन आधी कण्हलं, मग आतून कुणी हातोडी मारावी तसं ठोके देऊ लागलं. मुलाचे ओठ पांढरे पडले. बायकोचे डोळे मिटू लागले तशी मास्तरांनी तिच्या गालावर चापटी मारली. "बघ माझ्याकडे. घरी गेल्यावर झोप." लग्नाला सदतीस वर्षं झाली होती. त्यांनी तिच्यावर हात उचलला तो एवढाच.

डांबरी रस्ता दिसला आणि इंजिन बंद पडलं. तीनशे पावलं असतील. मुलाने किल्ली फिरवली, काहीच झालं नाही. दोघंही उतरून गाडी ढकलू लागले, पण चढ होता आणि मास्तर बासष्ट वर्षांचे होते. गाडी तसूभर पुढे जायची आणि परत तेवढीच मागे. तेवढ्यात वरून पांढरी रुग्णवाहिका येऊन डांबरीच्या कडेला थांबली. दोन माणसं स्ट्रेचर घेऊन खाली धावत आली. मास्तर स्ट्रेचरच्या मागे गेले.

तिला आत घेतलं, पाठीशी उंच केलं, मोठा ऑक्सिजन लावला. आतल्या परिचारिकेने घोट्यावर अंगठा दाबला. खड्डा पडला तो भरेचना. "एवढं पाणी आज एका वेळी नाही काढता येत," ती म्हणाली. "आज थोडं काढतील, परवा परत आणावं लागेल. परवा चुकवू नका. आत जागा एकाच नातेवाइकाला आहे."

सूनबाई धापा टाकत येऊन पोचली होती. फाइल तिच्याकडे, औषधांची नावं तिला पाठ. तिनेच जायला हवं हे उघड होतं. मास्तरांनी मान हलवली. पण बायकोने त्यांची करंगळी धरली होती आणि ती सोडत नव्हती. तिची नजर सांगत होती, तुम्ही या. त्यांनी एकेक बोट हळूच सोडवलं. तिला वाटेल, हा माणूस मागे राहिला.

"परवा तुम्ही घरापर्यंत याल का?" त्यांनी चालकाला विचारलं. "आमची गाडी मेली. आज आणताना तिचा जीव जायची पाळी आली."

"कासवावरून? नाही, काका. मागे एकदा आमची टाकी फुटलीय तिथे."

"तुमच्या गाडीचं पोट जमिनीपासून किती?"

चालक दार लावता लावता थांबला. "रिकाम्या गाडीचं विचारता की भरलेल्या?"

ज्याला कुणी मास्तर म्हणत नाही तो माणूस हा प्रश्न सहज विचारून गेला होता.

"भरलेल्या," मास्तर म्हणाले, आणि तिथेच डांबरावर आडवे होऊन रुग्णवाहिकेखाली शिरले. वर त्यांची बायको होती, सूनबाई होती, परिचारिका होती, सिलिंडर होते. सगळ्यांच्या वजनाने दबलेल्या पोटाला त्यांनी टेप लावली. चालक ओरडला, मुलगा त्यांचे पाय धरून ओढू लागला, त्याला वाटलं वडिलांचं डोकं फिरलं. "सहा," गाडीखालून आवाज आला. "सहा इंच." मग ते बाहेर आले. "कासव पाच इंचांवर आणलं तर याल?"

"पाचावर आणा," चालक म्हणाला, "दारात येतो." आणि गाडी भोंगा वाजवत निघून गेली.

पावणेसातातून पाच गेले, पावणेदोन इंच. चौदा सूत. आणि परवा सकाळ.

मुलगा खाणीवर धावत गेला. तिथला ब्रेकर पुलाच्या कामावर गेला होता, गुरुवारपर्यंत परत येणार नव्हता. तो दोन हातोडे आणि चार छिन्न्या घेऊन आला, त्यातल्या दोन बोथट. पुन्हा माणसं शोधायला निघून गेला. मास्तर चाकोरीत बसले, कासवाच्या दोन्ही बाजूंना चाकोरीच्या तळापासून पाच इंचांवर निळ्या खडूची रेघ मारली, तेल पुसलं आणि ठोकायला लागले. सुई धरायची सवय असलेली बोटं पहिल्या तासातच फुटली. कातळावरून ठिणगी उडायची आणि चिमूटभर भुगा.

मोठी समोर येऊन बसली. तिने दुसरा हातोडा उचलला. "मला मापबिप काही येत नाही," ती म्हणाली. "ठोकता येतं."

"मी ब्रेकर आणू दिला नाही, ताई," मास्तर म्हणाले. "एका दुपारचं काम होतं."

"ठाऊक आहे," मोठी म्हणाली. "ठोका."

उन्हं कलली तेव्हा सूनबाईचा फोन आला. मशीनवर घेतलंय, श्वास जरा बरा आहे, थोडं पाणी निघालं. डॉक्टर म्हणाले, आणखी जरा थांबला असतात तर फार उशीर झाला असता. आज रात्री उशिरा रुग्णवाहिका डांबरीपर्यंत सोडेल, तिथून खुर्चीवर उचलून घरी न्यायचं. पण बुधवारी असं उचलून आणलेलं तिला झेपणार नाही, सकाळी सातला गाडी दाराशीच हवी. मग ती म्हणाली, "आई बोलतायत."

फोनमधून आधी नुसता श्वास आला. मग बायकोचा आवाज, दमलेला पण तिचाच. "कुठे आहात तुम्ही?"

"कासवापाशी."

ते तिथे काय करतायत हे तिला कळलं असावं, कारण तिने पुढे विचारलं ते वेगळंच. "किती उतरलं?"

मास्तरांनी टेप कातळावर धरली. रक्ताळलेल्या अंगठ्याने ती चाकोरीच्या तळाशी दाबली आणि डोळे बारीक करून पाहिलं. एक सूत. तेही एकाच टोकाला. पलीकडचं टोक सकाळी होतं तेवढंच होतं. मोठी हातोडा थांबवून त्यांच्या तोंडाकडे बघत होती.

चाळीस वर्षांत त्यांनी कुणाला जाणूनबुजून चुकीचं माप सांगितलं नव्हतं.

"निम्मं झालं," मास्तर म्हणाले, फोन मोठीकडे दिला आणि छिन्नी पुन्हा दगडाला लावली.